चौकटीबाहेर पळणारी पोरं

(फिल्म सोसायटीच्या सभासदांसमोर दिलेल्या व्याख्यानाचं संपादित शब्दांकन)

नमस्कार मित्रहो. दिवे मालवण्याआधी एक चित्रपट आठवून बघू या. तो तुम्ही सगळ्यांनी पाहिलेला आहे, आणि मिनिटभराचाही नाही. १८९५ साली लुमिएर बंधूंनी फ्रान्समध्ये घेतलेला. एक माळी नळीने बागेला पाणी घालतोय. मागून एक पोरगा येतो आणि नळीवर पाय ठेवतो. पाणी थांबतं. माळी नळीच्या तोंडात डोकावून बघतो, पोरगा पाय उचलतो, आणि फवारा माळ्याच्या तोंडावर उडतो. मग पळापळ, पकडापकडी, मार.

यातली एक गोष्ट पुष्कळदा नजरेतून निसटते. कॅमेरा एका जागी रोवलेला आहे, तो हलू शकत नाही. पोरगा पळत पळत चौकटीच्या कडेला पोचतो. अजून दोन पावलं टाकली असती तर तो दिसेनासा झाला असता. माळी त्याला तिथे गाठतो, पण तिथेच मारत नाही. त्याला ओढत पुन्हा समोर आणतो, आपल्याला नीट दिसेल अशा जागी उभा करतो, आणि मग चोपतो. हा माळी म्हणजे लुमिएर कुटुंबाचाच खराखुरा माळी होता. त्याला बहुधा सांगितलेलंच असणार की, बाबा रे, मार द्यायचा तो कॅमेऱ्यासमोर.

पडद्यावर सांगितलेल्या अगदी पहिल्यावहिल्या गोष्टींपैकी ही एक, आणि तिच्यात एक पोर आहे, एक थोर आहे, आणि चौकटीबाहेर पळू पाहणाऱ्या पोराला थोर माणूस चौकटीत ओढून आणतो आहे. फ्रेंच लघुपट मी गेली बरीच वर्षं जमतील तसे बघतो. त्यांत तरुण मुलांचे चित्रपट आले की मला हा माळी आठवतो. आज तुमच्यापुढे मांडायचं आहे ते एवढंच. या चित्रपटांत बाप आणि मुलगा समोरासमोर उभे राहून भांडताना फारसे दिसत नाहीत. भांडण असतं ते जागेचं. चौकट कोणाची, तिच्यात कोणी कुठे उभं राहायचं, आणि बाहेर पळालेल्याला परत कोण आणणार.

फ्रेंचमध्ये लघुपटाला 'कूर मेत्राज' म्हणतात. मेत्राज म्हणजे मीटरमध्ये मोजलेली लांबी. कापडाच्या दुकानात वार मोजतात तशी ही फिल्म मोजायची. आखूड कापड. या आखूड कापडात फ्रेंच तरुणांनी स्वतःसाठी काय काय बेतलं ते आपण बघणार आहोत.

सुरुवात दिग्दर्शक झाँ व्हिगोपासूनच व्हायला हवी. 'झेरो द काँद्युइत', १९३३. 'वर्तणुकीत शून्य'. प्रगतिपुस्तकात वर्तणुकीचा रकाना आपल्याकडेही असायचा, त्यामुळे हे नाव आपल्याला समजावून सांगावं लागत नाही. लांबी पाऊण तासाच्याही आत. एका वसतिगृहात राहणारी मुलं सुट्टी संपवून परत येतात, रविवारच्या शिक्षा भोगतात, कट रचतात आणि शाळेच्या समारंभाच्या दिवशी छपरावर चढून पाहुण्यांवर जुनंपुराणं सामान फेकतात. सरकारी सेन्सॉरने त्याच्यावर बंदी घातली आणि ती दुसरं महायुद्ध संपेपर्यंत उठली नाही. व्हिगो तोवर जिवंत नव्हता. १९३४ मध्ये, वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी क्षयाने तो गेला.

व्हिगोचा बाप अराजकवादी पत्रकार होता. मिगेल आल्मेरेदा हे त्याने स्वतःच घेतलेलं नाव. १९१७ मध्ये तो तुरुंगात मेला, आणि त्याचा मृत्यू कसा झाला यावरून पुढे बराच गदारोळ झाला. मुलगा बारा वर्षांचा. बापाच्या बदनामीची झळ लागू नये म्हणून त्याला दुसऱ्याच आडनावाने वसतिगृहात ठेवलं गेलं. ही गोष्ट कळली की चित्रपटातल्या शाळेकडे बघण्याची आपली नजर बदलते. हा मुलगा बापाविरुद्ध बंड करत नाहीये. बापाच्या बाजूने, बापाला मारणाऱ्या व्यवस्थेविरुद्ध तो उभा आहे. पिढ्यांचा झगडा म्हटलं की आपण बाप एका बाजूला आणि मुलगा दुसऱ्या बाजूला अशी विभागणी करून मोकळे होतो. व्हिगोकडे ती लागू पडत नाही.

उशांच्या मारामारीचं दृश्य तुम्हाला ठाऊक असेल. पिसं बर्फासारखी उडताहेत, मुलांची मिरवणूक संथ गतीने निघाली आहे. त्या दृश्याचं संगीत मोरिस झोबेरने आधी रचलं, मग त्याचे सूर उलट्या क्रमाने वाजवून घेतले आणि ते ध्वनिमुद्रण पुन्हा उलटं फिरवलं. त्यामुळे सूर ओळखीचे वाटतात, पण प्रत्येक सूर जणू शेवटाकडून उमलतो. मी हे पहिल्यांदा पाहिलं तेव्हा विशीत होतो. आम्ही सगळ्यांनी टाळ्या वाजवल्या होत्या.

पन्नाशी उलटल्यावर पुन्हा पाहिला तेव्हा माझी नजर दुसरीकडेच अडकली. कट रचणाऱ्या मुलांत कोलँ नावाचा एक मुलगा आहे. वसतिगृहात रोज घेवडा शिजतो आणि मुलं घेवड्याला विटली आहेत. एके दिवशी जेवणघरात दंगा होतो, घेवडा फेकला जातो, आणि सगळी पोरं स्वयंपाकिणीच्या नावाने ओरडायला लागतात. 'मेर आरिको', म्हणजे आपण म्हणू 'घेवडामाय'. ही घेवडामाय म्हणजे कोलँची आई. तिच्या हातात असतं ते ती शिजवते, तिला दुसरं काही मिळतच नाही. कोलँ ताटापाशी बसलेला आहे. आजूबाजूला त्याचेच दोस्त, त्याच्याच बंडाचे साथीदार, त्याच्याच आईच्या नावाने ओरडताहेत. मग पोरांच्या हे लक्षात येतं आणि आरडाओरडा विरतो. काही सेकंदांचा मामला. पण बंड करणाऱ्या मुलांत कोणाची तरी आई स्वयंपाकघरात राबत असते, हे त्या वयात व्हिगोला दिसलं. ते दाखवायला त्याला भाषण लागलं नाही, कोलँचा चेहरा पुरला.

छपरावरून चालत जाणाऱ्या मुलांपाशी चित्रपट संपतो. कोणी त्यांना खाली ओढत नाही. मला वाटतं बंदी आली ती त्यासाठी. पोरांनी मस्ती केली याचा राग सरकारला एवढा येत नाही. मस्तीनंतरचा मार दाखवला नाही, याचा येतो.

आता जरा पैशाचं बोलू, कारण त्याशिवाय पुढचं कळणार नाही. १९४० पासून फ्रान्समध्ये चित्रपटगृहातल्या खेळात मोठ्या चित्रपटाच्या जोडीला एक लघुपट लावण्याची पद्धत कायद्याने आली. १९५३ च्या ऑगस्टमध्ये सरकारने हे संरक्षण काढून घेतलं. त्यावर लघुपट करणारी मंडळी एकत्र आली, 'तिसांचा गट' या नावाने त्यांनी जाहीरनामा काढला, आणि त्या खटपटीतून गुणवत्तेवर आधारित अनुदानाची पद्धत सुरू झाली. त्या काळात मोठा चित्रपट दिग्दर्शित करायचा तर वर्षानुवर्षं कोणाच्या तरी हाताखाली साहाय्यक म्हणून काढावी लागत. विशी-पंचविशीतल्या माणसाला तो दरवाजा बंद. लघुपट हे मागचं दार होतं. त्या दाराने रेने, वार्दा, गोदार, त्रुफो, रोझिए हे पुढे नावाजलेले दिग्दर्शक सगळे आत आले.

त्रुफोने तर १९५४ च्या लेखात आधीच्या पिढीच्या प्रतिष्ठित चित्रपटांवर असा हल्ला चढवला होता की लोक त्याला घाबरत. आणि त्याने १९५७ मध्ये स्वतःची कंपनी काढून 'ले मिस्ताँ' हा लघुपट केला तेव्हा पाठबळ कोणाचं होतं? सासऱ्याचं. सासरे चित्रपटांचे वितरक होते, त्याच जुन्या धंद्यातले. जावई ज्या व्यवस्थेवर तुटून पडत होता त्या व्यवस्थेतल्या माणसाने त्याच्या पहिल्या पावलाला हात दिला. यात मला दांभिकपणा दिसत नाही. घरात असंच चालतं. वडीलधारी माणसं तोंडाने रागावतात आणि खिशात हात घालतात.

'मिस्ताँ' म्हणजे वांड कार्टी. नीम शहरातला उन्हाळा, पाच पोरं, आणि सायकलवरून जाणारी बेर्नादेत. ती सायकल टेकवून गेली की पोरं येऊन सीटचा वास घेतात. तिच्या प्रियकराचा त्यांना मत्सर वाटतो. पोरं त्या दोघांचा पिच्छा पुरवतात, छळतात. मग प्रियकर डोंगरात अपघाताने मरतो, आणि त्या छळाला एकदम वेगळंच वजन येतं. गोष्ट सांगणारा आवाज मोठ्या माणसाचा आहे, त्याच पाचांतला एक, आता प्रौढ झालेला. म्हणजे पोरं चौकटीत आहेत आणि थोर माणूस बाहेर उभा राहून त्यांच्याबद्दल बोलतोय. ही युक्ती सुंदर आहे, पण मला ती थोडी सोयीची वाटते. पोरांना त्या क्षणी जे वाटत होतं त्यावर प्रौढाच्या पश्चात्तापाचा मुलामा बसतो.

झाक रोझिए तसं करत नाही. १९५६ च्या त्याच्या लघुपटात शाळेच्या पहिल्याच दिवशी एक मुलगा पुलावरून दप्तर नदीत फेकतो, आणि मग दप्तर शोधायला पाण्यात उतरतो. सकाळभर तो त्या पाण्यात रमतो. येताना एक पाणसाप घेऊन वर्गात येतो. बस. कोणी काही शिकत नाही, कोणी सुधारत नाही. आणि १९५८ च्या लघुपटाचं तर नावच 'ब्लू जीन्स'. कान या फ्रेंच शहराच्या समुद्रकिनाऱ्यावर, जिथे चित्रपट महोत्सवाला जगातले तारेतारका येतात तिथे, स्कूटरवर फिरणारी दोन पोरं. अंगात निळ्या जीन्स, खिशात दमड्या नाहीत. दिवसभर मुलींच्या मागे. त्यांचे आईबाप चित्रपटात नाहीत. पण त्या वर्षी या वयाच्या फ्रेंच पोरापुढे काय वाढून ठेवलेलं होतं ते लक्षात घ्या. अल्जीरियात युद्ध चालू होतं. विशीला आलेल्या मुलाला सक्तीच्या लष्करी सेवेत दोन वर्षांहून जास्त काळ काढावा लागे. रोझिए त्याबद्दल एक अक्षर बोलत नाही. पण हा उन्हाळा इतका हावऱ्यासारखा का जगला जातोय, ते तेव्हाच्या प्रेक्षकाला न सांगता कळलं असणार.

त्याच सुमारास वर्तमानपत्रांना एक शब्द सापडला. १९५९ च्या उन्हाळ्यात पॅरिसमध्ये पोरांच्या टोळ्यांच्या मारामाऱ्या झाल्या आणि बातम्यांमधून 'ब्लुझाँ नुआर', काळी जाकीटवाले, हे नाव देशभर पसरलं. कामगार वस्त्यांमधली पोरं, काळं चामड्याचं जाकीट, मोपेड, रॉक संगीत. चार वर्षांनी, २२ जून १९६३ च्या रात्री, पॅरिसच्या नासियाँ चौकात एका तरुणांच्या मासिकाने गाण्यांचा फुकट कार्यक्रम ठेवला. दीड लाखाच्या आसपास मुलंमुली आली. झाडांवर, दिव्यांच्या खांबांवर चढून बसली. थोडी मोडतोडही झाली. दुसऱ्या दिवशी थोरामोठ्यांचा जळफळाट. समाजशास्त्रज्ञ एदगार मोराँ यांनी 'ल माँद' या वर्तमानपत्रात लेख लिहून या पिढीला शांतपणे समजून घ्यायचा प्रयत्न केला. या पिढीला 'येये' हे नाव रूढ झालं ते त्यांच्या लेखांमुळे. गाण्यांमधल्या 'येऽ येऽ'वरून.

ही सगळी मुलं कायद्याच्या नजरेत अज्ञान होती, हे आपण विसरतो. फ्रान्समध्ये सज्ञान होण्याचं वय एकवीस होतं. ते अठरावर आलं १९७४ मध्ये. युद्धावर पाठवायला वीस चालत होतं, मत द्यायला नाही.

माझ्या मते या सगळ्या काळाचा सगळ्यात खरा चित्रपट मात्र पॅरिसमध्ये घडत नाही, आणि त्यात काळी जाकिटंही नाहीत. त्यात एक कोट आहे.

दिग्दर्शक झाँ यूस्ताश. जन्म १९३८. बोर्दोजवळच्या पेसाक गावी आजीकडे वाढला, पोरवयात आईकडे नारबोनला गेला. दक्षिणेतलं मध्यम आकाराचं शहर, वारा भणाणणारं. १९६६ मध्ये त्याने त्या शहरावर सत्तेचाळीस मिनिटांचा चित्रपट केला : 'सांताक्लॉजचे डोळे निळे आहेत'. फिल्म विकत घ्यायला पैसे नव्हते. गोदारच्या एका चित्रपटाची उरलेली कच्ची फिल्म त्याला मिळाली. आखूड कापड म्हणालो ना मघाशी, हे तर शब्दशः दुसऱ्याच्या कपड्यातून उरलेलं कापड.

नायक डॅनिएलची भूमिका झाँ-पिएर लेओची. डॅनिएल गरीब आहे, काम नाही, हिवाळा आहे. त्याला डफल कोट हवा आहे. डफल कोट म्हणजे जाड लोकरीचा, मागे टोपी असलेला, खुंटीसारख्या लाकडी बटणांचा. मुळात ब्रिटिश आरमाराचा. युद्धानंतर शिल्लक माल म्हणून बाजारात आला आणि युरोपभर विद्यार्थ्यांचा गणवेशच झाला. नारबोनमध्ये ज्याच्या अंगात तो कोट, तो काळाबरोबर आहे. ज्याच्या अंगात नाही, त्याच्याकडे मुली बघत नाहीत असं डॅनिएलला वाटतं. आणि त्याचं फार चुकत नाही.

इथे मी थोडा थांबतो, कारण अभ्यासक ज्याला 'उपसंस्कृती' म्हणतात तिच्याबद्दल पुस्तकांत एक गोष्ट क्वचित सांगितली जाते. तिला प्रवेशमूल्य असतं. काळ्या जाकिटाची किंमत असते, स्कूटरच्या पेट्रोलची असते, तबकड्यांची असते. तरुणाईचं बंड म्हणून आपण ज्याकडे बघतो त्याच्या दाराबाहेर, पैसे नाहीत म्हणून, तितकीच तरुण मुलं ताटकळत उभी असतात. यूस्ताशने कॅमेरा दाराबाहेर ठेवला.

कोटासाठी पैसे हवेत म्हणून डॅनिएल नाताळच्या दिवसांत एका फोटोग्राफरकडे काम धरतो. सांताक्लॉजचा वेश घालून रस्त्यावर उभं राहायचं, येणाऱ्याजाणाऱ्यांबरोबर फोटो काढून घ्यायचे. आणि त्याला शोध लागतो की दाढी आणि झगा अंगावर असला की मुली बिचकत नाहीत. हसतात, जवळ येतात, फोटोसाठी त्याच्या कवेत उभ्या राहतात. चित्रपट कृष्णधवल आहे. त्या झग्याचा लाल रंग आपला आपण मनात भरायचा.

काय केलं आहे बघा यूस्ताशने. विशीतल्या पोराला प्रेम मिळतं, स्पर्श मिळतो, ते म्हाताऱ्याचं सोंग घेतल्यावर. जगातल्या सगळ्यात लाडक्या म्हाताऱ्याचं. धीर करून तो त्या वेशातच एका मुलीशी भेट ठरवतो. मग दाढी काढून, आपला मूळचा चेहरा घेऊन तिला भेटायला जातो आणि सगळं फिसकटतं. पुढे कोट मिळतो. पण कोट अंगावर चढला तरी डॅनिएल तोच राहतो. वर्षाच्या शेवटी रात्री पोरं रस्त्याने निघतात, वेश्यावस्तीत जायचं म्हणून मोठमोठ्याने ओरडत. ती आरोळी आनंदाची आहे असं काही जण लिहितात. मला ती ऐकवत नाही. शहर झोपलेलं आहे, कोणी खिडकी उघडत नाही, रागवायलासुद्धा कोणी नाही.

लुमिएरच्या पोराला निदान कोणीतरी पकडून आणलं होतं.

याच लेओला चार वर्षं आधी त्रुफोने अर्ध्या तासाच्या 'आंत्वान ए कोलेत'मध्ये घेतलं होतं. १९६२. आंत्वान एकटा राहतो, तबकड्यांच्या कारखान्यात कामाला जातो, संध्याकाळी संगीताच्या मैफिलींना. तिथे कोलेत दिसते. तो तिच्या घरासमोरच्याच हॉटेलात खोली घेतो. आणि काय होतं, तर कोलेतच्या आईवडिलांना तो फार आवडतो. ते त्याला जेवायला बोलावतात, चौकशी करतात. पोरक्यासारख्या वाढलेल्या या मुलाला घर मिळतं. कोलेत मात्र मिळत नाही. शेवटी जेवणं आटपलेली असताना दुसराच तरुण दारात येतो, कोलेत त्याच्याबरोबर निघून जाते, आणि आंत्वान तिच्या आईवडिलांबरोबर टीव्हीसमोर बसून राहतो.

ज्या थोरांशी भांडायचं ते थोरच प्रेमळ निघाले तर तरुणाने काय करायचं? विशीत मला आंत्वानची दया आली होती. आता माझ्या घरी मुलांचे मित्र येतात, माझ्याशी अदबीने बोलत बसतात आणि माझी मुलं चपला घालून निघून जातात. तेव्हा त्या आईवडिलांचे चेहरे मला आठवतात. त्यांना सगळं कळलेलं आहे. पोराची लाज राखायची म्हणून ते टीव्हीकडे बघताहेत.

यानंतर मला शहराबाहेर जायचं आहे. फ्रेंच लघुपटही त्याच वाटेने गेला. मोरिस पियालाने १९६० मध्ये पॅरिसच्या उपनगरांवर वीसेक मिनिटांचा माहितीपट केला, 'लामूर एक्झिस्त', म्हणजे 'प्रेम आहे'. व्हेनिसच्या चित्रपट महोत्सवात त्याचा गौरव झाला. त्यात झोपड्या आहेत, नव्या उंच इमारतींच्या रांगा आहेत, निवृत्त जोडप्यांची छोटी घरं आहेत, पहाटेच्या गाड्या आहेत, आणि रात्रीच्या मोकळ्या माळावर मारामारी करणारी पोरं आहेत. वर्तमानपत्रं ज्यांना काळी जाकीटवाले म्हणत होती तीच ही पोरं, पण पियाला त्यांच्याआधी त्यांची जागा दाखवतो. शाळा किती दूर, करमणूक किती दूर. मग तो माळ दिसतो. तेव्हा निवेदनातल्या रागाला अर्थ येतो.

त्या उंच इमारतींत पुढे कोण राहायला आलं, हे तुम्ही जाणता. माघ्रेबमधून म्हणजे उत्तर आफ्रिकेतून, सेनेगल-मालीतून आलेले कामगार आणि त्यांची फ्रान्समध्ये जन्मलेली मुलं. इथे पिढ्यांमधल्या अंतराला आणखी एक पदर आला. बाप एका देशातून आलेला, मुलगा दुसऱ्या देशात जन्मलेला, आणि तो दुसरा देश मुलाला आपला म्हणायला तयार नाही.

मधल्या काळातला लोराँ कांतेचा एक लघुपट फक्त ओझरता सांगतो. १९९४ चा 'तूस आ ला मानिफ', 'चला मोर्चाला'. शाळकरी मुलांचा संप चालू आहे. एका कॅफेत ती जमतात, वाद घालतात, घोषणा ठरवतात. त्यांच्याच वयाचा एक मुलगा त्यांना कॉफी आणून देतो. तो कॅफेमालकाचा मुलगा. त्याला त्यांच्यात बसायचं आहे, पण हातात ट्रे आहे. कोलँ आठवला ना?

अलिस दिऑप यांचा 'व्हेर ला तांद्रेस', 'मायेच्या दिशेने', २०१६ चा, एकोणचाळीस मिनिटांचा. दिऑप स्वतः पॅरिसच्या उत्तरेकडच्या ओल्ने-सु-बुआच्या वस्तीत वाढल्या, आईवडील सेनेगलचे. त्यांनी सेन-सँ-दनी भागातल्या तरुणांना प्रेमाबद्दल बोलतं केलं. आवाज त्या तरुणांचे, आणि पडद्यावर दिसणारी माणसं वेगळी. मोटारीत बसलेली, कॅफेत टेकलेली, इमारतीच्या जिन्यापाशी उभी असलेली पोरं. बातम्यांत नेहमी दिसतात तशीच, टोप्या आणि ट्रॅकसूट घातलेली. आवाज मात्र सांगतो की प्रेम हा शब्द आमच्याकडे बोलला जात नाही, मित्रांसमोर मऊ होणं परवडत नाही. एक आवाज सांगतो की आपल्याला पुरुष आवडतात. आपण ट्रॅकसूटकडे बघत राहतो आणि कानांवर हे येतं.

चेहरा आणि आवाज वेगळे करण्याची ही रीत सुरुवातीला अडचणीतून आली असेल, बोलणाऱ्याला ओळख लपवायची असेल. पण त्यातून जे घडलं ते मला फार मोलाचं वाटतं. त्या मुलांना ओढून कॅमेऱ्यासमोर उभं केलं नाही. त्यांना चौकटीबाहेर राहू दिलं आणि तरी ऐकलं. 'काळी जाकीटवाले' या शब्दापासून ही साठ वर्षांची वाट आहे, आणि माझ्या मनात या चित्रपटाबद्दल नुसता आदर नाही, कृतज्ञता आहे. २०१७ मध्ये त्याला लघुपटाचं सेझार हे फ्रेंच चित्रपट पारितोषिक मिळालं, माइमुना दुकुरे यांच्या 'मामाँ' या लघुपटाबरोबर विभागून. तोही जरूर पाहा. बाप सेनेगलहून दुसरी बायको घेऊन घरी येतो आणि आठ वर्षांची मुलगी आईची बाजू घेऊन घरातल्या घरात लढाई सुरू करते. आज सविस्तर बोलायला वेळ नाही, पण त्या मुलीच्या डोळ्यांतला संताप मी विसरलेलो नाही.

शेवटी लाज ली नावाचा दिग्दर्शक. त्याच्या मोठ्या चित्रपटाची कान महोत्सवात २०१९ ला चर्चा झाली, पण त्याआधी २०१७ मध्ये त्याच नावाचा, 'ले मिझेराब्ल', सोळा मिनिटांचा लघुपट त्याने केला होता. वस्ती माँफेरमेयची, जिथे तो वाढला. शेजारच्या क्लिशी-सु-बुआमध्ये २००५ च्या ऑक्टोबरमध्ये पोलिसांपासून पळणारी तीन मुलं विजेच्या उपकेंद्रात शिरली आणि त्यांतली दोघं विजेच्या धक्क्याने गेली. त्यानंतर फ्रान्सभर तीन आठवडे वस्त्या पेटल्या, आणीबाणी पुकारली गेली. लाज ली तेव्हा हातातल्या कॅमेऱ्याने आपलं आवार चित्रित करत होता. पुढेही करत राहिला. पोलिसांची एक मारहाण त्याने टिपली आणि त्यावरून चौकशी झाली.

लघुपटात पोलिसांच्या गस्ती पथकात एक नवा शिपाई येतो. पथक वस्तीत फिरतं, पोरांशी खटके उडतात, आणि एका झटापटीत पोलिसांच्या हातून नको ते घडतं. त्याच वेळी वरून एक घरघर ऐकू येते. ड्रोन. वस्तीतल्याच एका पोराचा. त्याने सगळं टिपलेलं आहे. पोलीस मान वर करतात. आतापर्यंत पोरांना हुडकणारी ती माणसं आता आकाशाकडे बघताहेत, आणि वरच्या चौकटीत ती स्वतः आहेत, एवढ्याएवढ्याशा आकाराची. मग पोलिसांची जी धावपळ सुरू होते ती त्या पोराला गाठण्यासाठी.

माझं बोलणं इथे थांबवतो. आज आपण यूस्ताशचा चित्रपट बघणार आहोत. डॅनिएल पहिल्यांदा सांताक्लॉजच्या वेशात रस्त्यावर उभा राहतो तेव्हा त्याच्या हातांकडे बघा. हात कुठे ठेवावेत ते लेओला कळत नाहीसं वाटतं, आणि मग हळूहळू कळायला लागतं. सत्तेचाळीस मिनिटं आहेत. दिवे मालवा, कृपया.